क्लॅप पडण्याआधी

बियाँकूर,
१७ जानेवारी १९७२

प्रिय सिल्वेन,

पाकिटावरचं अक्षर ओळखून तू हे पत्र न फोडताच शेकोटीत टाकलं नसशील, असं धरून चालते. तिकडे ओव्हेर्न्यच्या डोंगरात बर्फ आहे आणि हॉटेलातलं गरम पाणी सकाळीच संपतं, असं तुमचा दिग्दर्शक रेमी फोनवर सांगत होता. जाड मोजे नेले असशील. मी बरी आहे. गुडघा कुरकुरतो, पण निदान तो माझ्याशी बोलतो तरी.

इकडची खबर म्हणजे संकलनाच्या खोलीतला हीटर पुन्हा बंद पडलाय आणि पियेरेतचं लग्न ठरलंय. पियेरेत आठवते ना, माझी सहायक? दहा-अकरा वर्षं माझ्या हाताखाली काढली बिचारीने. नवरा गुरांचा डॉक्टर आहे. मी म्हटलं, ‘‘निवड चांगली आहे हो, मुक्या जिवाचं दुखणं ओळखायची सवय असेल त्याला.’’ तर म्हणते, ‘‘म्हणूनच एकदा तुमच्याकडे घेऊन येते, बाई.’’ फार तोंडाळ झालीये. मीच लाडावून ठेवली.

आता कशासाठी लिहितेय ते सांगते, नाहीतर तुला वाटेल म्हातारीला चार वर्षांनी एकाएकी उमाळा आला.

मंगळवारी तुमच्या चित्रीकरणाची पहिली रिळं टेबलावर चढवली. सेटवर आवाजाचं यंत्र आधी सुरू होतं, कॅमेरा मागून, मग टेकचा नंबर लिहिलेल्या पाटीचा क्लॅप पडतो आणि मग दिग्दर्शक ‘चला’ म्हणतो. त्या मधल्या वेळात जे काही बोललं जातं ते सगळं माझ्याकडे येतं. लहानपणी तू माझ्या टेबलाखाली बसून तेच ऐकायचीस आणि खिदळायचीस. नट नाक शिंकरतात, दिग्दर्शकाच्या नावाने बोटं मोडतात, जेवायला काय आहे ते विचारतात. मी ते कापते आणि टोपलीत टाकते. क्लॅपच्या आधीचं आपण काही ऐकलेलंच नसतं, हा आमच्या धंद्याचा धर्म आहे.

तर पडदा काळा. चित्र अजून यायचंय. आणि त्या काळ्या पडद्यावर तुझा आवाज: ‘‘खोकला गेला का?’’

पियेरेतने माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, आवाजवाल्याला विचारत असेल. पुढच्या रिळात पुन्हा काळा पडदा आणि पुन्हा तू: ‘‘गेला नसणारच. डॉक्टरकडे जायचं नाव नको.’’ पियेरेत म्हणाली, ‘‘आवाजवाला चांगला धडधाकट आहे, बाई. मी ओळखते त्याला.’’

खोकल्याचं रेमीने सांगितलं असणार. त्या माणसाच्या तोंडात तीळ भिजत नाही.

उत्तर असं: खोकला गेला नाही. डॉक्टरकडे गेले नाही. विचारलंस म्हणून लिहिलं. ज्या गोष्टीवरून आपण बोलणं टाकलं, ती गोष्ट मी ह्या पत्रात काढणार नाही. चित्रपटातल्या मोठ्या बहिणीला तू जेवताना मीठ देतेस तो तुकडा बघितला. मीठ चांगलं देतेस.

गरम कपडे घालून झोपत जा.

आई

*

बियाँकूर,
९ फेब्रुवारी १९७२

प्रिय सिल्वेन,

डॉक्टरकडे जाऊन आले. सिगारेट सोडा म्हणाला. मी त्याला म्हटलं, त्यापेक्षा खोकला ठेवते. तरी निम्म्यावर आणलीये, तुझ्याकडून पुन्हा बोलणी खायला नकोत म्हणून.

तुझी उत्तरं पोचतात. माझी पत्रं तिकडे आणि तुझा आवाज इकडे. असला पत्रव्यवहार जगात दुसऱ्या कुणाचा नसेल. पियेरेत आता रीळ लावून देते आणि ‘कॉफी आणते’ म्हणून बाहेर जाते. इतकी कॉफी ह्या खोलीत आजवर कुणी प्यायली नाही. तुमचा तो आवाजवालाही सामील आहे, यंत्र बरंच आधी सुरू करतो. त्याला माझा नमस्कार सांग.

परवाच्या रिळात तू म्हणालीस, तुझ्या आईचं काम करणारी म्हातारी नटी विचारत होती की पटकथा लिहिणारी बाई माणसांत राहते का? तिच्या कथेत कुणी दारातून आत येत नाही, कुणी कुणाला नमस्कार करत नाही, सगळी एकदम भांडणाच्या मधोमध उगवतात. मी खूप हसले. म्हातारीचं बरोबर आहे. मी सतराव्या वर्षी ह्या धंद्यात आले ती फिल्मचे तुकडे चिकटवायला. कात्री आहे म्हणजे शिवणकाम, आणि शिवणकाम म्हणजे बायकांचं, असा तेव्हाच्या पुरुषांचा हिशेब होता. त्यांनी आम्हाला त्या अंधाऱ्या खोल्यांत बसवलं आणि आपण बाहेर उन्हात कॅमेऱ्यामागे उभे राहून उंटावरून शेळ्या हाकू लागले. चित्रपट कुठे उभा राहतो ते त्यांना फार उशिरा कळलं. काहींना अजून कळलेलं नाही.

इतकी वर्षं मी लोकांचे नमस्कार कापले, दारं कापली, जिने कापले. मग पन्नाशीला आल्यावर रेमी म्हणाला, ‘‘ओदेत, माझ्या चुका निस्तरतेसच, तर पटकथाच लिही, म्हणजे चुका तुझ्या होतील.’’ मी लिहायला बसले, तर कागदावर माणसं आधीच कापलेली उतरत होती. रेमीने वाचलं आणि म्हणाला, ‘‘ह्यात मला चित्रित करायला काही ठेवलंयस का? एक तरी प्रसंग असा लिही ज्याला कात्री लागणार नाही.’’ म्हणून तो चादरींचा प्रसंग लिहिला. आई आणि धाकटी मुलगी दोन टोकं धरून चादरींच्या घड्या घालतात. जवळ येतात, लांब जातात. मोठी घर सोडून निघून गेली, धाकटी मागे राहिली, आणि राहिल्याबद्दल तिला कुणी काही म्हणालं नाही, ते ती पहिल्यांदा बोलते. सगळा एका दमात, एकच लांब शॉट.

धाकटीच्या कामासाठी रेमीने तुला घेतलं त्यात माझा हात नाही, हे सांगून ठेवते.

पहिल्या पत्रात जे काढणार नाही म्हटलं होतं ते आता काढते. नाहीतर आपण मोज्यांवर आणि खोकल्यावरच मरू. चार वर्षांपूर्वी तुझं काम मी चित्रपटातून सबंध काढलं. तू बावीस वर्षांची होतीस, पहिलाच चित्रपट, सगळ्या मैत्रिणींना सांगून बसलेली. मी तुला फोन केला. म्हटलं, ‘‘तुझा प्रसंग काढला, चित्रपट सुधारला.’’ तू विचारलंस, ‘‘काढताना तुला मी दिसलेच नाही का?’’ मी म्हटलं, ‘‘टेबलावर बसल्यावर मला कुणीच दिसत नाही.’’ तू फोन ठेवलास तो ठेवलासच.

मला ते वाक्य माझं भूषण वाटत होतं. अजूनही वाटतं. माफी मागायची असती तर चार वर्षांपूर्वीच मागितली असती. तो चित्रपट तुझ्याविना चांगला होता. तूही मनात जाणतेस, म्हणून तर तुला इतका राग आला.

चादरींच्या प्रसंगाची रिळं काल आली. पाच टेक आहेत. चांगली झालीयेत. आत्ता एवढंच लिहिते.

बाहेर बारीक पाऊस आहे, मांसवाल्याकडे जाऊन यायला हवं. शनिवारी पियेरेत आणि तिचा गुरांचा डॉक्टर जेवायला येणार आहेत. मसूर आणि खारवलेलं डुकराचं मांस करणार आहे, तुझ्या आवडीचं. सांभाळून राहा.

आई

*

बियाँकूर,
२१ एप्रिल १९७२

प्रिय सिल्वेन,

चित्रीकरण संपल्यापासून तुझा आवाज यायचा बंद झाला. कागदावर तू उत्तर देणार नाहीस हे मी ओळखून आहे. लियोंला परत पोचलीस, नाटकाच्या तालमी सुरू झाल्या, हे रेमीकडून कळलं. पियेरेतचं लग्न छान झालं. मी नाचले, गुडघ्यासकट. नवऱ्याकडचे लोक भले आहेत, पण गाईंखेरीज दुसरा विषय नाही.

हे सगळं लिहितेय कारण पुढचं लिहायला हात धजत नाही. तर एकदाच लिहून टाकते. तुझा चादरींचा प्रसंग चित्रपटात नाही.

आता पुढे वाच, किंवा वाचू नकोस. पण वाच.

आम्ही सगळा चित्रपट एकदा जुळवला, तुझ्या प्रसंगासकट. दोन वेळा बघितला. तिसऱ्या वेळी माझ्या हातांना कळलं. हातांना आधी कळतं, डोक्याला मागून. चित्रपट चालत येतो, येतो, आणि त्या चादरींपाशी बसून राहतो. तू जे बोलतेस ते सगळं पुढच्याच शॉटमध्ये न बोलता आहे: मोठी रस्त्यावरून मागे वळून बघते, वर खिडकीत तू आणि म्हातारी उभ्या, आणि तू खिडकी लावून घेतेस. तेवढंच पुरतं. दोन्ही ठेवले तर एकाच गोष्टीसाठी लोकांना दोनदा रडायला लावल्यासारखं होतं. आणि अधूनमधून छाटावं म्हटलं तर एकच शॉट, मध्ये कात्री घालायला जागा नाही. राहिला तर सबंध, गेला तर सबंध. गेला तर तुझ्याजवळ उरतं काय? मीठ देणं, ती खिडकी, आणि स्टेशनवर हात हलवणं. एवढ्यावर तुला पुढचं काम कोण देणार, हे मला तुझ्याहून चांगलं कळतं. आणि तू पुन्हा माझं तोंड बघणार नाहीस, हेही कळत होतं.

मी पियेरेतला विचारलं, ‘‘चांगला आहे की नाही प्रसंग?’’

‘‘फार चांगला आहे, बाई.’’

‘‘मग तोंड का पाडलंयस?’’

‘‘आपण ह्याहून चांगले काढलेत,’’ ती म्हणाली.

मी तिला फाडून खाल्लं. म्हटलं, लग्न झालं म्हणजे अक्कल येत नाही. ती फिल्म पुसत राहिली.

मग रेमी आला. त्याने बघितलं, डोकं खाजवलं, म्हणाला, ‘‘ओदेत, गाडी इथे थांबते.’’ मी सुरू झाले. खिडकीतला उजेड बघ, म्हटलं. म्हातारीचे हात बघ. मग म्हटलं, आधीच्या दोन जागा आवळते, म्हणजे इथे दम घ्यायला वाव मिळेल. मग म्हटलं, थोडं संगीत घालू. मी, संगीत! इतकी वर्षं मी म्हणत आले की प्रसंगाला संगीत लागलं तर समजावं प्रसंग आजारी आहे. नटांच्या आया स्टुडिओत येतात आणि माझी मुलगी कुठे गेली म्हणून भांडतात, त्यांच्या नकला मी तुम्हा सगळ्यांना जेवताना करून दाखवायचे. आपला तो बाब्या आणि दुसऱ्याचं ते कार्टं! त्या दुपारी मी तशीच बोलत होते. रेमीला वाटलं मी नक्कलच करतेय. तो हसला. मग त्याला कळलं की नक्कल नाही, आणि तो आपल्या बुटांकडे बघायला लागला.

तो गेल्यावर मी प्रसंग काढायला बसले. तुझा पाचवा टेक. तोच आम्ही घेतला होता. त्याच्या सुरुवातीला काय आहे ते मी तुला मागच्या पत्रात लिहिलं नाही. ऐकलं नाही असं दाखवलं. धंद्याचा धर्म! ह्या वेळी पडदा काळा नव्हता, कॅमेरा सुरू झाला होता. क्लॅपवाला अजून पुढे यायचा होता. तू चादरीचं टोक धरून उभी होतीस, तू सरळ कॅमेऱ्यात बघितलंस आणि म्हणालीस, ‘‘आई, हा काढावा लागला तर काढ. पण ह्या वेळी काढताना बघ माझ्याकडे.’’

मग क्लॅप पडला.

सिल्वेन, मला कात्री चालवता आली नाही. फिल्म हातात धरली तर मला फिल्म दिसेना. तू दिसत होतीस. कितवं चित्र, कुठली जागा, आवाज कुठे तोडायचा, काही म्हणजे काही कळेना. आमच्याकडे एक रीत आहे: ज्याला दिसेनासं झालं त्याने खुर्चीवरून उठायचं. मी ती रीत सांगून आजवर दोघांना उठवलंय, त्यातला एक बिचारा प्रेमात पडला होता. मी उठले. पियेरेतला म्हटलं, ‘‘बस.’’

‘‘बाई, ती तुमची खुर्ची आहे.’’

‘‘खुर्ची फर्निचरवाल्याची असते. बस म्हटलं ना!’’

ती बसली. मी बोळात जाऊन उभी राहिले. तिला फारसा वेळ लागला नाही. चांगली शिकवलीये मी तिला. तिने दोन टोकं जोडली आणि हाक मारली. मी आत येऊन बघितलं. गाडी थांबत नव्हती. खिडकी लागताना माझ्या अंगावर काटा आला. मी तिला म्हटलं, ‘‘ठीक आहे,’’ आणि पुन्हा बोळात जाऊन नटाच्या आईसारखी हमसून हमसून रडले. कॉफीच्या यंत्राला टेकून. कुणीतरी मला रुमाल दिला, बाकीच्यांनी बघितलंही नाही.

त्यानंतर मी त्या खुर्चीवर बसलेले नाही. पडद्यावर संकलन म्हणून पियेरेतचं नाव जाईल. मला त्याचं वाईट वाटत नाही असं लिहिणार होते, पण वाटतं.

आता खरी गोष्ट. चार दिवसांनी रेमीने मला बोलावलं. म्हणाला, ‘‘संकलक म्हणून तू उठलीस. पण पटकथा तुझी आहे, लेखिकेच्या संमतीवाचून मी हा प्रसंग टाकणार नाही. तू ठेव म्हणालीस तर ठेवतो, आणि कधी कुरकुर करणार नाही.’’ तो मनापासून बोलत होता. बघ कसं असतं, आयुष्यभर संकलन केलं तेव्हा मला कुणी असं विचारलं नाही. पहिली पटकथा लिहिली आणि हक्क हातात आला, तो नेमका इथे.

मी म्हटलं, मला तो प्रसंग मोठ्या पडद्यावर दाखव. टेबलावर नको. दुसऱ्या दिवशी जेवणानंतर त्यांनी लहान थिएटर उघडून दिलं आणि मी एकटी मधल्या रांगेत बसले.

मी बघितलं, सिल्वेन. म्हातारी एका ठिकाणी आपलं वाक्य विसरते. तू तिला सांभाळून घेतेस. चादर उगाच पुन्हा झटकतेस, तिला आठवेपर्यंत वेळ काढतेस, आणि तुझ्या चेहऱ्यावर जराही घाई नाही. इतकी माया तुझ्यात कुठून आली? माझ्याकडून नाही. शेवटच्या घडीला तू चादर हनुवटीखाली धरतेस. ते मी कागदावर लिहिलं नव्हतं, रेमीनेही सांगितलं नव्हतं. मी तशी धरते. तू मला घरी घड्या घालताना बघत होतीस, आणि मला त्याचा पत्ता नव्हता. तू सुंदर दिसतेस. थकलेलीही दिसतेस. डाव्या डोळ्याखाली एक बारीक रेघ आलीये, ती चार वर्षांपूर्वी नव्हती. मी सबंध प्रसंग बघितला आणि कुठे कापावं हे एकदाही मनात आलं नाही.

दिवे लागल्यावर मी बाहेर येऊन रेमीला म्हटलं, ‘‘काढ.’’

तो म्हणाला, ‘‘नक्की?’’

मी म्हटलं, ‘‘एकदा विचारलंस तेवढं पुरे.’’

ठेवला असता तर तू थिएटरात बसल्या बसल्या ओळखलं असतंस. चित्रपट तुझ्यापाशी रेंगाळतोय हे तुला दिसलं असतं, कारण तू माझ्या टेबलाखाली वाढलीस. आईने दयेपोटी ठेवलं, हे कळलं असतं. काढल्याचा राग एखादे दिवशी उतरतो. त्या दयेचा उतरला नसता, निदान मला कुणी अशी दया दाखवली असती तर माझा तरी उतरला नसता.

आणखी एक. धाकटीसाठी तुझं नाव रेमीला मीच सुचवलं. तुला सांगू नकोस म्हणून त्याला बजावलं. तो प्रसंगही तुझ्यासाठीच लिहिला. रेमीला लांब शॉट हवा होता हे खरं, पण त्यात कोण उभी राहणार हे मला पहिल्या ओळीपासून माहीत होतं. मला तुला परत काहीतरी द्यायचं होतं. दिलं, आणि काढूनही घेतलं. ह्याला काय म्हणायचं ते तू ठरव.

मी तुझ्या जागी असते तर हे पत्र वाचून ताटवाट्या फोडल्या असत्या. तूही फोड. पण मग आगगाडीत बस आणि इकडे ये, आणि जे बोलायचं ते माझ्या तोंडावर बोल. पहिल्या दिवशी भांडू. दुसऱ्या दिवशीही भांडू. मध्ये जेवू. मला तुझा आवाज पुरेनासा झालाय, समोर तू हवी आहेस. हे मी ह्याआधी कुणालाच लिहिलेलं नाही, त्यामुळे नीट जमलं नसेल.

तू मागितलं होतंस तेवढंच माझ्याने झालं.

तुला पुरतं बघून मग ‘काढ’ म्हणणारी,

तुझी आई